परातीत मावेल एवढं पिल्लू

प्रिय तास्या,

हे पत्र टपालाने आलेलं नाही, हे तुझ्या लक्षात आलंच असेल. दंतवैद्याची बायको झोया बहिणीच्या लग्नाला सारातोवला निघाली आहे, तिच्या बुटाच्या अस्तरात घालून पाठवते आहे. तेव्हा कागदाला वास आला तर नाक मुरडू नकोस. तशी माझ्या डुकरांमुळे तुला वासाची सवय आहेच. लग्न होऊन घरात पाऊल टाकलंस आणि आधी खिडकी उघडायला धावलीस, ते मी अजून विसरलेले नाही. टपालातली पत्रं आपल्याआधी दुसरीच माणसं वाचतात, म्हणून तू बाळंतपणाला माहेरी गेल्यापासून आपण दोघी बोटीऐवजी पिल्लाबद्दल लिहीत आलो. तू विचारायचीस, "पिल्लू कसं आहे?" आणि मी लिहायचे, "बारीकच आहे अजून, वाट बघतंय." वाचणाऱ्यांना वाटलं असेल, काय ही सासू-सुनेची जोडी, डुकरापलीकडे यांना विषयच नाही! आज मात्र सगळं मोकळेपणाने लिहिणार आहे, जमेल तसं.

तुझ्या लीदाचा फोटो मिळाला. कान बापाचेच, माझ्या ग्लेबचेच आहेत गं, तसेच बाहेर आलेले. त्याच्या कानांवरून शाळेत पोरं त्याला किती छळायची, आणि शेवटी त्याच कानांनी त्याला नोकरी दिली. पाण्याखालच्या बोटीवर यंत्राला कान लावून बसायचं आणि पाण्यात कोण कुठे आहे ते ओळखायचं. अमेरिकन बोटीचा पंखा मैलांवरून ओळखणारा हा पोरगा, "ग्लेब, कोळसा आण" म्हटलं की ठार बहिरा! फोटो मी चुलीवरच्या फळीवर ठेवला आहे. तुझं जिरेनियमचं झाडही जिवंत आहे, पाणी घालते. सूर्य गेला आता, फेब्रुवारीपर्यंत तोंड दाखवायचा नाही. ग्लेबची बोट सप्टेंबरअखेर यायची होती आणि हा डिसेंबर चालू आहे, हे तुला वेगळं सांगायला नको.

तू नवी होतीस तेव्हा चुलीपाशी बसून मला विचारलं होतंस, "आई, बोट कधी सुटते, कधी येते, काहीच सांगत नाहीत. मग तुम्हा बायकांना आधी कळतं कसं?" मी हसले होते. परतणाऱ्या बोटीला धक्क्यावर भाजलेलं पिल्लू द्यायचं, हा आपल्याकडचा रिवाज. कॅप्टनने ते कापायचं आणि स्वयंपाक्यापासून सगळ्यांना तुकडा द्यायचा. पण पिल्लू काही हुकूम सुटला म्हणून आदल्या दिवशी जन्मत नाही. नौदलाच्या कोठाराचा प्र्याखिन बोट धक्क्याला असतानाच माझ्याकडे येतो आणि इकडेतिकडे बघत सांगतो, "स्तेपानिदा, अमुक महिन्याअखेर एक दूधपितं हवं. परातीत मावेल एवढं." त्या हिशेबाने मी डुकरीण नराकडे सोडायची. म्हणजे कागद सगळे तिजोरीत, झाकली मूठ सव्वा लाखाची, आणि परतीची तारीख माझ्या डुकरिणीच्या पोटात. अमेरिकेने उगाच एवढे हेर पोसले. एकाला माझ्याकडे बादल्या उचलायला ठेवला असता तर काम भागलं असतं. म्हणून तर बोट बाहेर असली की बायका बटाट्याची सालं घेऊन गोठ्यात येतात. सालं हे निमित्त, नजर पिल्लावर. कॅप्टनची बायको निनेलसुद्धा तो चांगला कोट घालून चिखलात उभी राहायची.

यंदा तुझी तार आली, "मुलगी झाली," आणि त्याच आठवड्यात डुकरीण व्यायली. मी सगळ्यांत देखणं पिल्लू निवडून वेगळं काढलं. राजकीय अधिकाऱ्याला भेटून आले. तो म्हणाला, "काळजी करू नका, संध्याकाळच्या बिनतारी संदेशात कळवू, मुलगी झाली म्हणून." बोटीला नुसतं ऐकता येतं, उत्तर देता येत नाही. उत्तर दिलं तर अमेरिकनांना जागा कळते. तेव्हा ग्लेबने ऐकलं का, किती वजन ते ऐकलं का, कोणाला सांगितलं का, काही कळायला मार्ग नाही. मी आपली धरून चालते की ऐकलं. ऐकणं हेच तर त्याचं काम.

तो निघायच्या आधीचा रविवार सारखा डोळ्यांसमोर येतो. मी कोबीचं सूप केलं होतं आणि त्याने मेणकापडावर दोन चमचे मांडले. "ही आपली बोट, हंबरणारी गाय," म्हणाला, "एवढा आवाज करते की बहिऱ्यालाही ऐकू जावी. आणि हा मागे लागलेला अमेरिकन. इतका जवळ येतो आई, की त्यांच्या स्वयंपाक्याने पातेलं पाडलं तर मी सांगेन. पण नेमकं शेपटामागचं आपल्याला ऐकू येत नाही. मग कॅप्टन काय करतो? गर्रकन वळतो! बघू, कोण आहे रे मागे?" आणि त्याने चमचा वळवला तो खण्णकन दुसऱ्यावर आपटला. तू पोटावर हात ठेवून ओरडलीस, "अरे, सूप सांडेल! पोरखेळ पुरे." मी विचारलं, तो मागचा वेळेत थांबला नाही तर? तर हा म्हणतो, "थांबतो गं. त्यालाही घरी बायको आहे. साय वाढ ना आणखी." मी वाढली.

सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात साऱ्या बोटीच्या बायकांनी केस कुरळे करून घेतले. न्हाव्याच्या दुकानापुढे रांग लागली होती. मी पिल्लाला न्हाऊ घातलं, कान चोळून स्वच्छ केले. आठवडा गेला. प्र्याखिन आला नाही. दुसरा गेला. केस सरळ व्हायला लागले तरी प्र्याखिनचा पत्ता नाही. आणि पिल्लू तर वाढायला लागलं! त्याला काय ठाऊक, ते कशासाठी आहे. माझ्या मनाने तेव्हा काय घेतलं, ऐकशील तर म्हणशील म्हातारीला वेड लागलं. मला वाटलं, हे परातीत मावेनासं झालं तर बोट यायची नाही. मी त्याचं खाणं तोडलं. अर्धा डाव, मग पाव डाव. बायकांनी आणलेली सालं दुसऱ्या खोपट्यात टाकायचे. बाकीची भावंडं कधीच तगडी होऊन रांधणीघरात गेली आणि हे फासळ्या मोजाव्यात असं, मी आले की कुंपणाला नाक लावून केकाटायचं. तू तिकडे लिहायचीस, लीदाने वजन किती धरलं, गालांना कशा खळ्या पडतात, आणि मी पत्र वाचून गोठ्यात जायचे आणि तिच्याच वयाच्या त्या जिवाला उपाशी ठेवायचे. तुला लिहिलेलं "बारीकच आहे अजून" ते हे. निनेलला हे उमगलं होतं. ती बटाटे जाड सोलून आणायची, चांगला गर सालीला ठेवून, आणि मी ते त्याला घालत नाही हे बघून मान हलवायची. तिलाही ते परातीत मावायला हवं होतं.

ऑक्टोबरात बॉयलरवरचा म्हातारा अर्कादी गोठ्यात आला. तो पूर्वी बोटींवर होता, आणि लहरी दाबायची सरकारी घरघर चालली तरी परदेशी रेडिओ ऐकतो, हे सगळ्यांना माहीत आहे आणि कोणालाच माहीत नाही. म्हणाला, "स्तेपानिदाकाकू, अमेरिकनांची एक बोट त्यांच्या बंदराला लागली. नाक पार चेपलंय. हिमनगाला धडकली म्हणे." मी म्हटलं, मग मला काय त्याचं? तर म्हणतो, "आपली बोट होती त्या पाण्यात सप्टेंबरात हिमनग नसतो, काकू. मी तिथे निम्मं आयुष्य काढलंय." चहा दिला तो न घेता गेला. त्या बोटीवर कोणा बाईचा नवरा असेल आणि तो घरी पोचला असेल. तिने काय रांधलं असेल त्याच्यासाठी, एवढंच माझ्या मनात येत होतं. तिचा मला राग येत नाही. राग येतो तो दुसऱ्याच गोष्टीचा. त्यांनी खोटं सांगितलं आणि आपल्यांनी काहीच सांगितलं नाही. इतकी वर्षं एकमेकांचे हाडवैरी, आणि ही एक गोष्ट दडपायला दोघांचं कसं छान जमलं बघ. तरीही मी पिल्लाला पाव डावच घालत राहिले. अर्कादी म्हातारा झालाय, त्याला घरघरीत काहीतरी भलतंच ऐकू आलं असेल, असं स्वतःला सांगत राहिले.

इथे कोणी रडत नाही, तास्या. रडलं तर तुला काहीतरी कळलंय असा अर्थ होतो, मग दोन माणसं येऊन प्रेमाने विचारतात, कोणी सांगितलं? बोट कामगिरीवर आहे, एवढंच उत्तर आहे आणि ते जन्मभर तेच राहील. तोंड दाबून बुक्क्यांचा मार. निनेलने कसल्याशा कागदावर सही केली, घरी आली आणि पडदे धुवायला काढले. मागच्या आठवड्यात एक तरुण लेफ्टनंट तुमच्या खोलीत येऊन खिडकी मोजून गेला. बिचारा लाजला होता, "बायको विचारत होती पडद्यांचं," म्हणाला. गुणी पोरगा आहे. मी त्याला चहा दिला आणि तुझी शाल, ती निळी, कपाटातून काढून माझ्या पेटीत ठेवली.

आता ज्यासाठी लिहायला बसले ते लिहिते. तू कळवलंस की नव्या वर्षाचं तिकीट काढलंय, लीदाला घेऊन येतेस, म्हणजे बाप येईल तेव्हा लेक दारात हवी. येऊ नकोस, माझ्या बाळा. गेल्या मंगळवारी प्र्याखिन आला. दुसरी बोट निघायची आहे, एप्रिलअखेर एक दूधपितं हवं, परातीत मावेल एवढं. मी बरं म्हटलं. मग तो ग्लेबच्या पिल्लापाशी बराच वेळ उभा राहिला. मी त्याला किती घालते ते सगळा हिवाळा त्याने पाहिलं होतं आणि कधी एक शब्द काढला नव्हता. आता म्हणाला, "याला पोटभर घालत जा, स्तेपानिदा." एवढंच बोलला आणि गेला. मी चार दिवस ऐकलं नाही. पाचव्या दिवशी बादली भरून उकडलेले बटाटे, कोंडा आणि माझ्या वाटचं दूध असं सगळं त्याच्यापुढे ओतलं. निनेल दारात आली, भरलेली कुंडी पाहिली, सालांचा डबा तिथेच खाली ठेवला आणि परत फिरली. डबा अजून पडलाय, न्यायला आली नाही. तिकीट परत कर, तास्या. आपल्या आईकडेच राहा. तिथे दार लावून घेतलंस तर तुला मोठ्याने रडता येईल. मला इथे कुठे तशी सोय? मी कुंपणाला धरून उभी होते, आणि ते इतक्या महिन्यांचं भुकेलं जनावर मचमच आवाज करत खात होतं, तेवढ्या आवाजात रडून घेतलं.

तुझीच,
आई