तिसरी खिडकी

शुक्रवार, १९ तारीख
दुपार

ती. ताईंना,
नमस्कार.

आम्ही दोघी बऱ्या आहोत. भिंगरीचा पुढचा दात पडला, त्यामुळे तिच्या बोलण्यातून निम्मी हवाच बाहेर येते. माझं इस्पितळातल्या धुलाईघराचं काम चालू आहे. चादरींच्या घड्या घालून घालून आता झोपेतसुद्धा हात घडीच घालतात, असं पोरगी म्हणते. तुमचं दुकान ठीक चालत असेल. असायलाच हवं, लोकांच्या किल्ल्या हरवायच्या थोड्याच थांबतात!

दुकानाचं शटर तुम्ही माझ्या तोंडावर ओढलंत, त्या दिवसापासून आपण बोललेलो नाही. तेव्हा हे पत्र पाहून तुम्हाला नवल वाटेल, असं लिहिणार होते. पण वाटणार नाही. काल दुपारपासून तुम्ही माझ्याकडून काहीतरी येण्याची वाटच बघत असाल.

तुमची एक वस्तू माझ्याकडे राहिली आहे. कपाटात, चादरींच्या खाली नीट ठेवली आहे. तिच्याबद्दल शेवटी लिहिते. आधीच लिहायला घेतलं तर बाकीचं लिहून होणार नाही.

तुम्हाला वाटत असेल, ही बाई हात धुऊन माझ्या भावाच्या मागे लागली आहे. लागलेच होते. तो बाहेरगावच्या तिजोऱ्यांचं काम आहे म्हणून, रागारागाने पिशवी खांद्याला लावून गेला. सुरुवातीला फोन करायचा, थोडेफार पैसे पाठवायचा. मग सगळंच बंद पडलं. धुलाईघरातही आमच्या पाळ्या कमी झाल्या. पोरीला शाळेतून काढून घरी बसवायची वेळ आली, तेव्हा मी नगरपालिकेच्या पोटगी कक्षात गेले. शोक करायला वेळ कुणाला होता? मला राग आला होता आणि राग आला की माझे पाय चांगले चालतात.

तिथे एका लांब व्हरांड्यात तीन खिडक्या आहेत. मधल्या खिडकीत एक चष्मेवाल्या बाई बसतात. चष्मा नाकाच्या शेंड्यावर, आणि बोलणं असं की माणसाने रडायला तोंड उघडावं आणि विसरून जावं.

"हे बघा," त्या म्हणाल्या, "माणूस हरवला असेल तर पहिली खिडकी. लपला असेल तर ही, माझी. आणि वारला असेल तर तिसरी. तिथे पोरांना वेगळी मदत मिळते. तुमचा कुठला?"

"माझा लपलेला," मी म्हटलं. इतक्या ठसक्यात म्हटलं, जसं काही बक्षीसच मिळवलंय.

"ओळखीची खूण?"

"कमरेला किल्ल्यांचा जुडगा."

"अंगावरची सांगा हो बाई. जुडगा काय, काढून ठेवता येतो."

"त्याला नाही येत."

त्या हसल्या. मीही हसले. पण तुम्हाला तर माहीत आहे ताई, मी खोटं बोलले नव्हते. तो अंघोळीला जाताना जुडगा न्हाणीघरातल्या खिळ्याला टांगायचा, डोळ्यांसमोर. झोपताना उशीखाली. भिंगरीने तिच्या फ्रॉकचं निळं बटण त्यात ओवलं होतं, तेही त्याने कधी काढलं नाही. तुमच्या वडिलांनी तुम्हा दोघांना धंदा शिकवताना म्हणे पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, कुलूपवाल्याने जुडगा हातचा सोडायचा नाही, बापालाही द्यायचा नाही. हे मला लग्नानंतर तुम्हीच सांगितलं होतंत. कणीक मळत होतात आणि मोठ्या अभिमानाने सांगत होतात.

कक्षाने तुम्हाला त्याचा पत्ता विचारणारं पत्र धाडलं, ते माझ्याच सांगण्यावरून. तुम्ही "माहीत नाही" म्हणून कळवलंत. मग मी तणतणत दुकानावर आले आणि तुम्ही शटर ओढलंत. मी बाहेरून ओरडले, की लपवा, किती दिवस लपवता बघते! आतून तुमचा आवाज नाही. मला वाटलं, तो आतच आहे, पोटमाळ्यावर बसून ऐकतोय.

त्यानंतर आमच्या घरात कुणीतरी येऊ लागलं.

हे मी कक्षात सांगितलं नाही. कुणालाच सांगितलं नाही. आधी बाल्कनीच्या दाराची बिजागरी करकरायची थांबली. मला वाटलं, हवेतल्या ओलाव्याने झालं असेल. मग मोरीच्या नळाचं गळणं बंद झालं. मग कपाटाची मूठ, जी वर्षानुवर्षं हातात यायची, ती घट्ट बसली. सगळं माझ्या गुरुवारच्या लांब पाळीच्या दिवशी, घर रिकामं असताना. दाराला ओरखडा नाही. हे दारातलं कुलूप त्याने स्वतः घडवलेलं, त्याच्या दोनच किल्ल्या, एक माझ्या गळ्यात आणि एक त्याच्या जुडग्यात. मग आणखी कोण येणार?

खरं सांगते, भीती वाटायला हवी होती. रिकाम्या घरात कुणी वावरून जातं, म्हणजे काय! मोरीत हात धुताना मागे कुणी उभं आहे असं वाटायचं. पण मी मागे वळून बघायची नाही. बघितलं आणि कुणी नसलं तर, याची जास्त भीती. गुरुवारी निघताना मी केर काढून जाऊ लागले. त्याचा कप धुऊन ओट्यावर ठेवू लागले. शेजारी चहा-साखरेचे डबे, झाकणं सैल केलेले. तो चहाशिवाय कामाला हात लावत नसे.

कप दर वेळी तसाच असायचा. मी तिकडे काणाडोळा केला.

नंतर मी मुद्दाम वस्तू बिघडवायला लागले. खिडकीच्या कडीचे स्क्रू सैल करून ठेवले. पुढच्या गुरुवारी ते आवळलेले. भिंगरी माझ्याही पुढे गेली. तिने तिच्या कंपासपेटीचं मोडलेलं झाकण टेबलावर काढून ठेवलं. संध्याकाळी घरी येऊन बघते तर झाकण उघडतंय आणि मिटतंय. "बाबांनी केली," म्हणून ती ती पेटी उशाशी घेऊन झोपली. मी म्हटलं नाही, केली म्हणून. नाही केली, असंही म्हटलं नाही.

आणि न्हाणीघराची कडी. ती उंच होती, पोरीचा हात पोचायचा नाही, ती दार लोटून अंघोळ करायची. एका गुरुवारी ती कडी खाली आली. बरोबर भिंगरीच्या हाताला येईल इतकी. मी तिच्यावरून बोटं फिरवत उभी राहिले आणि रडले. किती ध्यानात ठेवलंय पोरीचं, असं वाटलं.

वेडी मी. तो गेला तेव्हा पोर त्याच्या कमरेलाही लागत नव्हती. गेल्यानंतर ती सरसर वाढली. आत्ताची तिची उंची त्याला कुठून ठाऊक असणार? ती त्यालाच ठाऊक असेल, जो शाळेच्या फाटकासमोर उभा राहून तिला सुटताना बघत असेल. हे सगळं मला काल कळलं. तोवर डोळ्यांवर कातडं ओढून बसले होते.

मागच्या आठवड्यात चष्मेवाल्या बाईंनी बोलावून घेतलं. म्हणाल्या, नोटीस तयार आहे, पण माणसाच्या हातात पडल्याशिवाय पुढे काही होत नाही. हातात पडली नाही तर फाईल बंद होईल. "कुठे सापडेल असं एक ठिकाण सांगा, एकच."

आणि मी सांगितलं. माझ्याच घरी, म्हटलं, गुरुवारी दुपारी.

त्या चष्म्यावरून माझ्याकडे बघत राहिल्या. मला लाज वाटली. त्याला पकडून देते म्हणून नव्हे. इतके दिवस सांगितलं नाही, कारण सांगितलं असतं तर त्याचं येणं थांबलं असतं, म्हणून. पोटगी मला हवीच होती. पण नळ दुरुस्त करून जाणारं ते कुणीतरीही हवं होतं. आणि दोन्ही मिळत नाही, हे मला कळत होतं. पोर माझी, तेव्हा पोटगी निवडली.

काल मी पाळी बदलून घेतली. नोटीस बजावणारे काका आले, वयस्कर, अंगाने आडवे, जिना चढून धापा टाकत. बूट हातात घेऊन आत आले, बाहेर दिसू नयेत म्हणून. मी आतून कडी लावली नाही, दार नुसतं त्याच्याच कुलपाने बंद केलं. आम्ही दोघं स्वयंपाकघरात जमिनीवर बसून राहिलो, पोरांच्या लपाछपीसारखे. काकांना उचकी लागली. मी त्यांना पाणी दिलं आणि तोंडावर बोट ठेवलं. त्याही स्थितीत मला हसू येत होतं. नंतर वाटलं, तो आत आला आणि आधी माझ्याकडे बघितलं, तर मी काय बोलणार? इतके दिवस त्याच्यासाठी साठवलेल्या शिव्यांपैकी एकही आठवेना.

जिन्यावर पावलं वाजली. किल्ली कुलपात गेली. ताई, त्या किल्लीचा आवाज मी बहिरी झाले तरी ओळखीन. एकदा अडते, मग फिरते. काका नोटीस काढून उठायला लागले.

तेवढ्यात जिन्यावरून भिंगरीचा आवाज. शाळा लवकर सुटली होती, मला काय माहीत!

"आत्या! आत्या, तू?"

मग काहीतरी आपटलं आणि पावलं धडधडत खाली गेली. मी दार उघडलं. पोरगी दप्तरासकट उंबऱ्यात उभी. दाराला जुडगा लोंबत होता, अजून हलत होता. निळं बटण त्यात तसंच होतं.

"आत्या रडत होती," भिंगरी म्हणाली. मग तिने जुडग्याकडे बघितलं आणि विचारलं, "आई, बाबांच्या किल्ल्या आत्याकडे कशा?"

मी जुडगा कुलपातून काढून हातात घेतला. नोटिशीवर ओळखीची खूण म्हणून हा जुडगाच लिहिला होता, काकांना कळलं. त्यांनी नोटीस घडी करून खिशात ठेवली, बूट घातले आणि हळूच म्हणाले, "बाई, ही मी आता कुणाच्या हातात देणार? तुम्ही दुसऱ्या खिडकीवर उगाच बसलात." दारातून वळून आणखी एक बोलले, की तिसऱ्या खिडकीवर बायकोच्या सांगण्याने काही होत नाही. ज्याने पाहिलं, ज्याच्या हाती सामान दिलं गेलं, ते माणूस लागतं.

रात्रभर मी हेच जुळवत होते. त्याच्या पिशवीवर पत्ता होता तो दुकानाचा. तुमच्या वडिलांच्या वेळचा, पांढऱ्या रंगाने रंगवलेला. काही झालं तर माणसं दुकानावर येणार, घरी नाही. पिशवी तुमच्या हातात दिली असेल. जुडगाही. आणि मी शटर वाजवत होते, लपवा म्हणून किंचाळत होते, तेव्हा तुम्ही आत त्याच्याच वस्तू मांडीवर घेऊन बसला होतात का? तेव्हाच बोलला असतात तर मी काय केलं असतं, ते मलाही सांगता येत नाही. कदाचित तुमच्या अंगावर धावून आले असते.

तुम्ही का नाही सांगितलंत, याचा राग येऊन गेला. सकाळी चहा करताना तो बराचसा ओसरला. तुम्ही त्याला अंगाखांद्यावर वाढवलं. तुम्ही तोंडाने म्हटलं असतंत तर तो तुमच्यासाठीही संपला असता. त्यापेक्षा दर गुरुवारी त्याच्या किल्लीने त्याचं दार उघडायचं, त्याच्या वाटणीचं काम करायचं आणि कुणी बघायच्या आत निघून यायचं. मलाही तेच बरं वाटत होतं की! आपण दोघींनी मिळून त्याला इतके दिवस घरात फिरवलं. आता भिंगरी प्रश्न विचारते आहे आणि मला त्याला आणखी फिरवायचं नाही.

जुडगा माझ्याकडे आहे. हातचा सोडायचा नाही म्हणून वडिलांनी सांगितलेला तुम्ही सोडून पळालात, यावरून काल तुमची काय अवस्था झाली असेल ते मला कळतं. तो तुमचाच आहे. पण पोस्टाने पाठवणार नाही आणि शेजाऱ्यांच्या हातीही देणार नाही. तुम्ही येऊन घ्या.

सोमवारी सकाळी मी तिसऱ्या खिडकीसमोरच्या बाकावर बसते. पोटगी नाही तर नाही, पण पोरीच्या वाट्याची जी मदत असेल ती तिला मिळायला हवी. ती तुमच्या तोंडच्या एका वाक्यावर अडली आहे. ते वाक्य तिथल्या कारकुनाला सांगायच्या आधी मला सांगा. कुठे, कसं, त्याच्याजवळ कुणी होतं का. मी रडणार नाही असं म्हणत नाही, पण भांडणार नाही. भिंगरीला मी अजून काही बोललेली नाही. ते आपण दोघींनी सांगू, घरी, चहा झाल्यावर. कप दोन काढून ठेवते. तिसरा आता उचलून ठेवला आहे.

पत्राखाली सही करताना नेहमी जे लिहायची तेच खाली लिहिते आहे. ते खरं असेल तर तसंच राहू द्या. नसेल, तर सोमवारी येताना हे पत्र बरोबर आणा आणि माझ्यासमोर, तुमच्या हाताने ते खोडा.

तुमच्या भावाची बायको