बाबाच्या नावाचं घड्याळ

प्रिय रीता,

पत्र पाहून घाबरशील, म्हणून आधीच सांगते, घरी सगळे जिवंत आहेत. तुझे बाबा अंगणात खाटेवर बसून चहा पिऊन राहिले अन् मी चुलीजवळ बसून हे लिहून राहिली. फोन काहून नाही केला म्हणशील, तर बाई, तुझा फोन आला की तुझे बाबा माझ्या हातातून ओढतात, स्पीकर लावतात, अन् अर्ध्या करडी गावाले आपलं बोलणं ऐकू जाते. हे करडीनं ऐकायचं नाही, तुझ्या बाबानं तर नाहीच नाही. आपल्या गावची आशा सेविका उषाबाई उद्या नागपूरले तिच्या लेकीकडे चालली. तिच्या पोटात गोष्ट राहते, म्हणून तिच्याच हाती देते. शाळेत आम्हाले बाई शुद्ध लिहा, शुद्ध लिहा म्हणत, पण मी बोलते तशीच लिहीन. राग आला तर येऊ दे.

परवा तू सांगतलं की धान कापणी उरकली की कॅमेरेवाले घेऊन येते, बाबाची फिल्म काढायची आहे. तेव्हापासून घरात लगीनघाई आहे. तुझ्या बाबानं निळा शर्ट इस्त्री करून आणला अन् खुंटीले टांगून ठेवला. मी हात लावला तरी ओरडतात. पानठेल्यावर, गिरणीवर, जो भेटल त्याले एकच गोष्ट: माझ्या पोरीच्या कंपनीनं माझा जीव वाचवला. एवढं खूष तर ते तुझ्या जन्माच्या वेळीही नव्हते. तेव्हा तर पोरगी झाली म्हणून तोंड पाडून बसले होते, विचारून पाह्य, नाकबूल होतील.

तुझं काम वाईट आहे असं मी म्हणत नाही, हे आधी समजून घे. तुमची कंपनी कारखान्यात जाऊन कामगारांच्या तब्येतीचा कार्यक्रम चालवते. तुले तिथं नोकरी लागली अन् तुझ्या सरांनं नेमका तो हायवेवरचा ओतकामाचा कारखाना धरला, ज्याच्या भट्टीवर तुझ्या बाबाची उमर गेली. तिथं आधी प्यायचं पाणीही गरम राहायचं. तुम्ही आले, थंड पाण्याची मशीन लागली. डोळे तपासले, बाबासोबत भट्टीवर असते त्या श्रावणले चष्मा भेटला, नाहीतर तो माणूस अंदाजानंच लोखंड ओतून राहिला होता. पाळी सुरू व्हायच्या आधी सगळ्यांची कसरत घेऊ लागले. लोक हसले, पण त्यांच्या कमरा मोकळ्या झाल्या. खरं आहे ते खरं आहे.

मग तो कुटुंब मेळावा झाला. आम्हा बायकांलेही बोलावलं, नाश्ता दिला. तुझ्या सरांनं पडद्यावर चित्रं दाखवली. कामगार निरोगी राहिला तर रजा कमी, अपघात कमी, माल जास्त, म्हणजे तब्येतीवर केलेला खर्च वाया जात नाही, मालकाचा फायदाच फायदा. मालक मान हलवून राहिले होते. तू लॅपटॉप धरून बाजूले उभी, मले इतकं भरून आलं की समोसा तसाच ताटलीत राहिला. शेवटी सर म्हणाले, काही विचारायचं असल तर विचारा. मी उठली. म्हटलं, सर, घरच्या बायांचं कधी तपासता? तू लाजेनं लाल झाली. सर हसून म्हणाले, काकू, ते पुढच्या टप्प्यात. तो टप्पा कधी येते हे मी विचारणारच होती, पण तू डोळे वटारले, मी बसली.

पाऊस लागायच्या आधी घड्याळं वाटली तुम्ही, काळी, रबरी पट्ट्याची. हातात असलं की ते पावलं मोजते, छातीचे ठोके मोजते अन् माणसाच्या मोबाइलजवळ आलं की त्यातून सगळं तुमच्याकडं जाते. आता गंमत ऐक. भट्टीवर हातात काही घालून जाऊ देत नाहीत, सुरक्षेचा साहेब फाटकावरच काढायले लावते. अन् तुमचे लोक म्हणत, दिवसभर घाला, नाहीतर तुमच्या विभागाचे गुण कापू. एक म्हणे काढा, दुसरा म्हणे घाला. कारखान्यातल्या गुणांच्या फळ्यावर भट्टीवाल्यांची नावं सगळ्यात खाली, कारण घड्याळं घरी खुंटीले टांगलेली. जे लोक आगीसमोर उभे राहून मरमर मरतात ते आळशी ठरले! तुझ्या बाबाले फार लागलं ते. मग लोकांनं आपापली तोड काढली. श्रावणनं घड्याळ बकरीच्या गळ्यात बांधलं. गळ्यातून ठोके लागत नव्हते, पण पावलं लागत. बकरी दिवसभर बोडीच्या, त्या लहान तळ्याच्या पाळीवर चरे अन् फळ्यावर श्रावण पहिला. तुझ्या बाबानं ते माझ्या मनगटावर बांधलं. दिवसा मी, झोपताना ते. धान रोवण्याचे दिवस होते, शेताच्या ह्या बांधीतून त्या बांधीत माझं चालणं काय कमी होतं का? आठ दिवसांत तुझ्या बाबाचं, तेजरामचं नाव वर चढलं. जेवताना आम्ही दोघं पोट धरून हसलो. तुले हे सांगतलं नव्हतं, आता सांगून राहिली.

तलावाखालच्या बांधीत रोवणा सुरू होता, सोबत शकुनबाईची टोळी. पऱ्ह्याची, धानाच्या रोपांची पेंढी उचलायले मी वाकली अन् छातीत कायतरी फडफडलं, टोपल्याखाली झाकलेली कोंबडी फडफडते ना, तसं. मग डोळ्यापुढं अंधार. माय वं, मले वाटलं गेलीच मी. बांधीच्या कडेले धुऱ्यावर बसली, शकुनबाईनं पाणी पाजलं, म्हणाली, उन्हानं झालं, अन् वयही झालं आता वहिनी. मीही तेच समजली. उठली अन् आपली ओळ पुरी केली, माझ्यासाठी टोळी कायले थांबल? तसं आणखी होत गेलं. बाईमाणसाले काही ना काही होतच राहते, आपण कुठं सांगत बसतो.

अन् मग तुझा फोन आला, रडत. बाबाचे ठोके बिघडले, मशीननं लाल खूण दाखवली, उद्याच्या उद्या नागपूरले या. तुझे बाबा मटकन खाटेवर बसले. म्हणाले, मले वाटतच होतं. यांचे मोठे भाऊ, तुझे मोठे बाबा आनंदराव, असेच भट्टीवरून आले अन् ओसरीत बसल्या बसल्या गेले. तेव्हापासून हा माणूस आपल्याच छातीवर हात ठेवून झोपते. वरून खोकला होताच. डॉक्टरनं तारा लावून तपासलं तेव्हा ठोके नीट निघाले. पण डॉक्टर म्हणाले, हा रोग लपून बसते, घड्याळानं पकडला हे नशीब समजा. मग त्यांनं तुमच्या मशीनवरचं चित्र समोर धरलं अन् विचारलं, या दिवशी दुपारी काय करत होते, डोळ्यापुढं अंधार आला होता का? बाबा म्हणाले, दुपारी तर मी भट्टीवर असतो. डॉक्टर म्हणाले, मग त्या आगीनंच होते. मी मागे उभी होती, रीता. ती दुपार माझी होती. तलावाखालची बांधी, शकुनबाईच्या हातचं पाणी, सगळं मले आठवलं.

दिवसा घड्याळ माझ्या हातात राहते हे तुझ्या बाबाले माहीत नव्हतं का? होतं. पण त्यांच्या डोक्यातच आलं नाही. हार्टचा रोग बाईलेही होते, हे कोणाच्या डोक्यात येते? तोवर माझ्याही नव्हतं आलं. मी बोलायले तोंड उघडलं होतं, देवाशप्पथ. तेवढ्यात डॉक्टर म्हणाले, यांची भट्टी बंद. बाई, हे ऐकायले मी लग्न झालं तेव्हापासून थांबली होती. मोठे बाबा गेले त्या दिवसापासून तर रोजच. मी तोंड मिटलं.

बाबाले स्टोअरमध्ये बसायचं काम भेटलं. महिन्याभरात खोकला बसला. अंगाचा जळका वास गेला. सांजच्याले माझ्याजवळ बसून शेंगा सोलत, जुन्या गोष्टी सांगत. मले वाटलं, माझ्या छातीच्या बदल्यात हे भेटत असल तर भेटू दे.

पण त्या गोळ्या! निरोग्या माणसाच्या पोटात जाऊन राहिल्या होत्या त्या. ठोके हळू करणारी गोळी आहे, उषाबाईनं पाकीट वाचून सांगतलं. तुझे बाबा उठताना भिंत धरू लागले. एक दिवस कामावरून येताना मोटरसायकलसकट रस्त्याखालच्या बांधीत गेले, चिखल होता म्हणून हाडं वाचली. डॉक्टरले विचारलं तर म्हणे, रोग आहे, थोडंफार होणारच. दुसऱ्या दिवसापासून मी तुझ्या बाबाच्या हातावर उषाबाईनं दिलेली कॅल्शियमची पांढरी गोळी ठेवू लागली, अन् त्यांची गोळी मी गिळू लागली. हो, मीच. बाबाची चक्कर गेली. अन् माझ्या छातीतली कोंबडी गप्प झाली. मले मानवल्या त्या गोळ्या. उरलीसुरली शंका होती तीही गेली.

उषाबाई भांडली माझ्याशी. चाल भंडाऱ्याच्या दवाखान्यात, आताच चाल, दुसऱ्याच्या गोळ्या खाऊन कोणी बरं होते का म्हणे. पण तुझ्या बाबाले तू ओळखते ना? कशाची तपासणी हे विचारल्याशिवाय ते राहणार नाहीत, अन् एकदा समजलं की उभ्या पायानं कारखान्यात जाऊन सांगतील, घड्याळ माझ्या बायकोच्या हातात होतं. तो माणूसच तसा, पोटात काही ठेवता येत नाही. मग फसवणूक केली म्हणून ते कामावरून बाहेर. अन् तुझं काय? तुझ्या सरांनं बाबाचीच गोष्ट सांगून दुसरे कारखाने धरले, तुझी बढती त्याच्यावर अडली आहे, हे तूच सांगतलं होतं. म्हणून मी उषाबाईचं तोंड दाबलं.

आता घड्याळ बाबाच्याच हातात राहते, स्टोअरमध्ये कोणी काढायले लावत नाही. ठोके एकदम नीट. तुम्ही सगळ्यांनं टाळ्या वाजवल्या, गोळी लागू पडली म्हणून. गोळी लागू पडली हे खरं आहे, मलेच माहीत कोणाले. सोमवारी कारखान्यातून सांगणं आलं, तेजराम बरा झाला, गोळ्या बंद, फिल्म झाली की भट्टीवर परत. भट्टीसमोर उभं करूनच फिल्म काढायची म्हणे, म्हणजे छान दिसल. तुझ्या बाबानं पेढे वाटले. मी एक पेढा तोंडात घातला अन् मागच्या दारी जाऊन थुंकला. शेवटच्या पाकिटात थोड्याच गोळ्या राहिल्या म्हणून मी एक दिवसाआड घेऊन पाहिली. धान कापता कापता हातातून विळा सुटला. शकुनबाईनं धरलं नसतं तर मी तिथंच राहिली असती.

म्हणून हे पत्र. आजवर मी गप्प राहिली, कारण वाटलं, माझं काय व्हायचं ते होवो, तुझे बाबा आगीतून सुटले. आता ते परत आगीत चालले अन् माझ्या गोळ्याही बंद झाल्या, मग मी गप्प राहून कोणाचं भलं करू? अन् खरं सांगू का, मले मरायचं नाही. मले भीती वाटून राहिली, आंघोळ करताना वाटते, विहिरीवर वाटते. अन् राग येऊन राहिला, तुझ्या सरांचा, तुझ्या बाबाच्या भोळेपणाचा, तुझाही. तुमच्या मशीनले माझी छाती दिसली, तुमच्यातल्या एकालेही मी दिसली नाही. तू येशील, बाबाले निळ्या शर्टात बसवशील, कॅमेरा लावशील अन् म्हणशील, आई, तू जराशी बाजूले हो. मी बाजूले होणार नाही. तू बाबाच्या हातातलं घड्याळ काढ अन् माझ्या हातात बांध, अन् थोडा वेळ थांब. लाल खूण दिसली की मग तूच ठरव, कॅमेरा सुरू करायचा की दवाखान्यात जायले गाडी. मी साडी बदलून, चप्पल घालून दारातच बसून राहीन.

तुझीच,
आई