घोड्याला दिलेली सूचना

४ फेब्रुवारी

चि. ठमीस आत्याचे आशीर्वाद, आणि सोबत थोडा राग. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. फोनवर तू नुसतं हं हं करतेस, म्हणून पत्रच बरं. निदान वाक्य तरी पुरं करावं लागतं.

काल तुझा दादा वर येऊन तासभर बसला. त्या शाळेने तुला बुद्धिबळ शिकवायची कायमची नोकरी देऊ केली आहे, उत्तर मार्चअखेर हवंय आणि अट एकच, की स्पर्धांसाठी रजा मिळणार नाही. दादाच्या मते ही अट नसून कृपा आहे. चौतिसाव्या वर्षी बाईमाणसाने अजून किती दिवस सोंगट्या सरकवत फिरायचं, असं त्याने मला विचारलं. वर म्हणे शिकवणं हेही बुद्धिबळच. मी म्हटलं, की मग तू हिशेबनीस आहेस, उद्यापासून हिशेब करू नकोस, पोरांना पाढे शिकव. त्यावर त्याने चहा अर्धा टाकला आणि गेला. त्याला बुद्धिबळातलं इतकंच कळतं की ते बसून खेळतात.

ग्रँडमास्टर व्हायला तीन मोठ्या स्पर्धांत ठरलेली कामगिरी लागते. तीनपैकी दोन नॉर्म तुझ्या खिशात आहेत. मानांकनही पुरेसं आहे. उरलाय तो एक. तो घेऊन ये, मग शाळेला काय सांगायचं ते सांग. एवढी वर्षं टेलिफोन खात्यात मी लोकांच्या तारा जोडून दिल्या. एकाही माणसाला अर्ध्या बोलण्यावर तोडला नाही. तुलाही तोडू देणार नाही.

लोभ आहेच, वाढवायचा असेल तर वेळेवर जेवत जा.

तुझी
आत्या


१९ फेब्रुवारी

ती. आत्यास ठमीचा सा. न. हसू नकोस, आणि लगेच चिडूही नकोस. वि. वि.

नॉर्म हुकला. अर्ध्या गुणाने. शेवटच्या फेरीत नुसती बरोबरी पुरली असती.

झालं ते असं. समोर एक म्हातारा ग्रँडमास्टर होता, दाढीवाला, सज्जन. डाव माझ्या बाजूने झुकलेला. पटाच्या मध्यावरचा माझा घोडा जरा तिरका उभा होता, आणि मी विचारांच्या तंद्रीत त्याला बोटाने सरळ केलं आणि म्हटलं, नीट बस. तुझ्या कॉन्व्हेंटमधली सिस्टर तुम्हां मुलींना दटावायची तसं. आपल्या घराबाहेर मोहरं सरळ करताना दुसरं काही म्हणतात हे त्या क्षणी माझ्या डोक्यातच आलं नाही.

त्याने घड्याळ थांबवून पंचांना बोलावलं. हात लावला की तेच मोहरं चालायचं, हा नियम तुला ठाऊकच आहे. फक्त सरळ करायचं असेल तर आधी तसं सांगावं लागतं. मी म्हटलं, सांगितलं होतं. पंचांनी विचारलं, काय सांगितलं. मी त्या दोन शब्दांचा अर्थ सांगितला. पंच शांतपणे म्हणाले, की बाई, सूचना प्रतिस्पर्ध्याला द्यायची असते, घोड्याला नव्हे. शेजारच्या दोन पटांवर लोक हसले.

घोडा हलवावा लागला. पुढे डाव गेला. अशाने कोणी हरतं का, आत्या? मला वाटतं दादाचं बरोबर आहे. शाळेला हो कळवावं म्हणते. डाव सोबत लिहून पाठवते आहे, तुला बघायचा असतो म्हणून.

माझ्यावर रागावलीस तरी पत्र बंद करू नकोस.

तुझी
ठमी


२६ फेब्रुवारी

चि. ठमीस आशीर्वाद. राग यावेळी वेगळ्या पाकिटात घातला होता. वि. वि.

म्हणजे खरोखरच घातला होता. स्पर्धेच्या आयोजकांना मी इंग्रजीत तक्रार लिहिली, चांगली चार पानं. आमची भाषा तुम्हांला येत नाही हा आमचा दोष नाही, हे त्यात तीन प्रकारे लिहिलं होतं. त्या हसणाऱ्यांच्या आईबापांचाही उल्लेख होता, पण सभ्य शब्दांत.

मग म्हटलं, पुरावा म्हणून डावही जोडावा. पट मांडला. घोडा हलवलास तिथपर्यंत आले आणि थांबले. ठमे, घोडा कडेला गेला खरा, पण तुझं काहीही गेलेलं नव्हतं! त्याच्या पुढच्याच खेळीला वजिराला वजीर मारून मोकळी झाली असतीस तर बरोबरी होती. मी उलटसुलट करून पाहिलं. माझ्या हाताने मीच मला हरवू शकले नाही. तुला हवा होता तो अर्धा गुण पायाशी पडला होता आणि तू वाकली नाहीस. तू काय केलंस? हत्ती उधळलास. त्या दाढीवाल्याला दाखवून द्यायला निघालीस.

तुला घोड्याने हरवलं नाही आणि पंचानेही नाही. तू चिडलीस म्हणून हरलीस. चिडण्यात आपल्या घरात माझा हात कोणी धरणार नाही, तेव्हा हे मी अधिकाराने सांगते आहे. पंच बरोबर होता. तक्रार फाडली. वाईट वाटलं, दुसरं पान फार छान उतरलं होतं.

शाळेला हो म्हणायचं तर खुशाल म्हण, पण मुलं शिकवायची आवड म्हणून म्हण. दोन माणसं हसली म्हणून नव्हे. मार्चमधल्या स्पर्धेचा अर्ज भर. आणि यापुढे पंचांना कळेल अशा भाषेत बोल. घोड्याला काय वाटायचं ते वाटू दे.

माया कमी झालेली नाही, हे या पत्राच्या सुरावरून कळायला हरकत नाही.

तुझी
आत्या


२८ मार्च

ती. आत्यास सा. न. सकाळची वेळ आहे, दुपारी शेवटची फेरी. वि. वि.

तुझं पत्र मी इतक्या वेळा वाचलं की घडीवर फाटलं. पहिल्यांदा वाचून तुझाच राग आला. मग पट मांडला, आणि तुझंच खरं निघालं.

इथे हात मांडीखाली घेऊन बसते. चौथ्या फेरीत समोरचा पेन टकटक करत होता. मी मनात म्हटलं, वाजव बाबा. तो डाव जिंकले. पण परवा एक सोपा डाव घालवला, त्यामुळे आज बरोबरी चालणार नाही. जिंकायलाच हवं, तेही काळ्या सोंगट्या घेऊन, आणि समोर स्पर्धेत पहिला असलेला मुलगा आहे.

काल संध्याकाळी शाळेत फोन करून नाही म्हणून सांगितलं. निकालानंतर सांगता आलं असतं, पण मग आज खेळताना एक डोळा त्या नोकरीवर राहिला असता. मुख्याध्यापक म्हणाले, अशी संधी पुन्हा येत नाही. मी म्हटलं, माझंही तेच म्हणणं आहे. दादाला तू सांग. मला एका दिवशी एकच लढाई झेपेल.

असशील तिथून आशीर्वाद धाड. पत्राची वाट बघायला वेळ नाही.

तुझी
ठमी


६ एप्रिल

ग्रँडमास्टर चि. ठमीस,

चि. आधी लिहावं की ग्रँडमास्टर, यात दोन कागद वाया गेले. आशीर्वाद नेहमीचेच. वि. वि.

तुझं लांबलचक पत्र आणि डाव, दोन्ही मिळालं. बाविसाव्या खेळीला प्यादं पुढे टाकलंस तेव्हा मी खुर्चीतून उठून खिडकीपर्यंत जाऊन आले. दादा सकाळपासून शेजाऱ्यांना सांगत सुटलाय, की पहिल्यापासून त्याचाच पाठिंबा होता. मी खोडलं नाही. आजच्या दिवस माफ.

आता तुझ्याकडे किताब आहे आणि नोकरी नाही. दोन्हींची सवय व्हायला आठवडा घे, मग पुढच्या स्पर्धेचं बघ.

तू लिहितेस की त्या मुलाने हात मिळवला, तो गेला, दालन रिकामं झालं, आणि तुला उठायचं सुचेना. शेवटी पट गोळा करणारा माणूस येऊन विचारायला लागला, की बाई, डाव संपला ना. मी तिथे असते तर त्याला सांगितलं असतं, की संपलाय, पण बाईंना इतक्यात उठवायचं नाही. त्या खुर्चीपर्यंत यायला त्यांना वीस वर्षं लागलीत. तुम्ही बाकीची टेबलं आवरा.

तुझी
आत्या