उजव्या हाताखेरीज उरलेला माणूस परत मिळण्याबाबत

प्रति,
मा. सचिव,
सभासद कामकाज शाखा,
संसद सचिवालय, दुसरा मजला.

अर्जदार : आसन क्रमांक २१४ वरील खासदारांची पत्नी, मुक्काम सभासद निवासाच्या फाटकासमोरील लॉज.

विषय : माझ्या यजमानांचा खासदारकीचा राजीनामा मंजूर होऊन त्यांना घरी नेण्याची परवानगी मिळण्याबाबत. (अर्ज चौथा)

संदर्भ : "सभासद मतदानास सक्षम असल्याने प्रकरण निकाली काढण्यात येत आहे", हे आपल्या शाखेचे पत्र.

महोदय,

माझे आधीचे तीन अर्ज आपल्या दप्तरी असतीलच. तरी टेबलावरचा माणूस बदलला असल्यास त्याला शोधाशोध पडू नये म्हणून हकिकत पुन्हा मांडते.

१. आमच्या राज्यातून संसदेवर अकरा खासदार निवडून येतात. पाच सरकारच्या बाजूचे, पाच विरोधातले आणि अकरावे माझे यजमान, अपक्ष. त्याआधी आमची टंकलेखनाची शिकवणी होती. बाहेरच्या खोलीत मशीनवर मुले शिकत आणि आतल्या खोलीत आम्ही दोघे लोकांचे अर्ज लिहून देत असू. कोणाचे पेन्शन अडलेले, कोणाची बदली, कोणाचा नळ. ज्यांचे अर्ज मार्गी लागले त्यांनी यांना निवडून दिले, आणि ज्यांचे लागले नाहीत त्यांनीही दिले, कारण अर्ज तरी नीट लिहिला होता. त्यामुळे प्रस्तुत अर्जात मायना, समास किंवा ओळींमधील अंतर चुकलेले आढळणार नाही. बाकी सगळे चुकलेले आहे.

२. आमच्या भागात नदीवर पूल नाही. पूल मिळेल या बोलीवर यजमानांनी सरकारला पाठिंबा दिला. पूल कागदावर राहिला, पाठिंबा चालू राहिला. शेवटी गेल्या वर्षी त्या पुलाबद्दल विचारायला ते सभागृहात उभे राहिले आणि पहिले वाक्य पुरे व्हायच्या आत खाली कोसळले. मेंदूला झटका आला होता. वाचा गेली, पाय गेले, दोन्ही हात मांडीवर पडून राहू लागले. मान फक्त डावीकडे वळते. समजते मात्र सगळे. हे मी पत्नी म्हणून सांगते आहे, डॉक्टर म्हणून नाही, याची कृपया नोंद घ्यावी.

३. सरकार पक्षाचे प्रतोद, म्हणजे मतदानाला माणसे हाकून आणणारे गृहस्थ, यांनी तत्परतेने व्यायाम देणारा एक माणूस सभासद निवासात पाठवला. मला वाटले, देव पावला. तो रोज सकाळी टेबलावरची घंटी वाजवायचा आणि यजमानांचा उजवा हात खांद्यातून वर उचलायचा. घंटी, हात. घंटी, हात. काही महिन्यांनी घंटी वाजली की हात आपोआप वर जाऊ लागला. मी त्याला म्हटले, दादा, आता जिभेचे बघा, पायांचे बघा, निदान बोटांत पेन तरी धरू द्या. तो बिचारा प्रामाणिक. म्हणाला, "ताई, मला फक्त खांदा सांगितलाय."

४. सभागृहात मतदानापूर्वी घंटी होते आणि आधी प्रस्तावाच्या बाजूचे हात मोजतात, हे मी आपल्याला सांगणे म्हणजे सूर्याला काजवा दाखवणे. तेव्हापासून यजमानांना चाकांच्या खुर्चीतून नेतात, घंटी होते, हात वर जातो, मत पडते. आमच्या पुलाचा निधी दुसरीकडे वळवणारे विधेयक एका मताने मंजूर झाले, ते याच हाताने. त्या वेळी त्यांच्या डोळ्यांतून पाणी आले. शेजारच्या सभासदांनी ते रुमालाने टिपले आणि बाहेर वार्ताहरांना सांगितले की ते आनंदाश्रू होते. प्रतोदांची तक्रार एवढीच की हात जरा उशिरा वर जातो. शेळी जाते जिवानिशी आणि खाणारा म्हणतो वातड.

५. मी राजीनामा लिहून आणला. आपल्या शाखेने कळवले की राजीनामा सभासदाच्या स्वहस्ताक्षरात किंवा समक्ष तोंडी असावा; पत्नीच्या हस्ताक्षरातला चालत नाही. मी अंगठा लावून आणला. अंगठाही चालत नाही. मात्र मधल्या काळात त्यांच्या नावे आजारपणाच्या रजेचा एक अर्ज आला, त्यावर अंगठाच होता, आणि ती रजा एका दिवसात मंजूर झाली. ती रजाही प्रतोदांनी पुढच्या मतदानाच्या आदल्या दिवशी रद्द करून घेतली. कोणता अंगठा चालतो आणि कोणता नाही, याचे काही परिपत्रक असल्यास प्रत मिळावी.

६. मग मी वैद्यकीय मंडळाकडे गेले. मंडळाने यजमानांना न तपासता मतदानाचे तक्ते तपासले. सभासद मत देतात, सबब सक्षम आहेत. सक्षम असून राजीनामा देत नाहीत, सबब त्यांना राजीनामा द्यायचा नाही. आई जेवू घालीना आणि बाप भीक मागू देईना, अशी माझी गत झाली. एका दुपारी मी सरळ टॅक्सी बोलावून त्यांना घेऊन निघाले, तर फाटकावरच्या शिपायाने अदबीने सांगितले की अधिवेशन काळात सभासदाला बाहेर न्यायला प्रतोदांची चिठ्ठी लागते. त्यानेच खुर्ची परत आत ढकलली. त्या दिवसापासून मला फक्त रविवारी तासभर भेटू देतात.

७. विरोधातल्या पाच खासदारांकडेही गेले. वाटले, सरकारचे एक मत कमी होईल म्हणून तरी मदत करतील. त्यांनी चहा दिला, यजमानांच्या सचोटीची आठवण काढली. पण जागा रिकामी झाली की पोटनिवडणूक येणार, आणि आमच्या भागातले लोक दोन्ही बाजूंवर सारखेच चिडलेले, हे त्यांनाही ठाऊक आहे. त्यानंतर आपल्याकडे आमच्या राज्याच्या दहा खासदारांच्या सह्यांचे एक पत्र आले, की आमचे सहकारी ठणठणीत असून त्यांच्या कुटुंबीयांनी भावनेच्या भरात केलेल्या अर्जांची दखल घेऊ नये. महोदय, आमच्या राज्यातले लोक किती वर्षे डोळे लावून बसले आहेत की आमचे सगळे खासदार पाण्यासाठी, रस्त्यासाठी, कशासाठी तरी एका कागदावर सह्या करतील. त्यांनी केल्या. विळ्याभोपळ्याचे एवढे सख्य मी पहिल्यांदाच पाहिले.

८. आपण सुनावणी ठेवलीत, हे आपले उपकार. त्या दिवसापुरते मला आत सोडले, तेव्हा मी यजमानांना इस्त्रीचा सदरा घातला होता. आपण खुर्ची जवळ ओढून दोनदा विचारलेत, राजीनामा देण्याची इच्छा आहे का. त्यांचे ओठ हलले, गळ्याची शीर ताठ झाली. आवाज आला नाही, पण येत होता, मी ओळखते. प्रतोद म्हणाले, प्रश्न उलटा विचारून पाहू. आपण विचारलेत, सभासद राहण्याची इच्छा आहे का? आणि नेमकी तेव्हाच कामकाज सुरू होण्याची घंटी झाली. हात वर गेला. कारकुनाने "होकार" असे लिहिले. आपण खिडकीकडे पाहिलेत. घंटी आपल्यालाही ऐकू आली होती. आपण वाईट माणूस नाही, म्हणूनच पुन्हा आपल्यालाच लिहिते आहे. वाईट माणसाला लिहिण्यात टंकफीत वाया गेली असती.

९. मध्यंतरी एका रात्री मी दुसराच अर्ज टंकायला घेतला होता. उपरोक्त सभासदांचा उजवा हात सभागृहाने आपल्या ताब्यात ठेवून घ्यावा आणि उरलेला माणूस पत्नीला परत करावा, असा. तो उरलेला माणूस मला जड नाही, मी उचलून नेईन. कागद मशीनमधून काढला आणि फाडला. अशी तरतूद नसावी, आणि असलीच तर आपण ती मंजूर कराल अशी मला भीती वाटली.

१०. आता मुद्द्यावर येते. यजमानांना तपासणाऱ्या रुग्णालयातल्या डॉक्टरीणबाईंनी मला जिन्यात गाठून सांगितले की यजमान पुढचे अधिवेशन पाहणार नाहीत. त्या म्हणाल्या, हे मी लिहून देऊ शकत नाही. मीही लिहून मागितले नाही. घर लांब आहे, पूल नाही, नावेत खुर्ची चढवायची म्हणजे चार माणसे लागतात. आता परवानगी मिळाली तरी ते वाटेतच जातील. तेव्हा विषयात नमूद केलेली मागणी मी या अर्जान्वये मागे घेत आहे. राजीनामा नको. त्यांना शेवटपर्यंत खासदार राहू द्यावे, आपल्या सर्वांची सोय होईल.

११. त्याऐवजी मला अधिवेशन संपेपर्यंत प्रेक्षक गॅलरीचा पास मिळावा. डाव्या बाजूची गॅलरी, पहिली रांग. यजमानांची मान तिकडेच वळते. मागच्या वेळी मला उजवीकडे बसवले होते. सगळा वेळ ते डावीकडे वर पाहत राहिले आणि तिथे कोणी नव्हते. न राहवून मी उठून रुमाल हलवला, तेव्हा रक्षकाने मला बाहेर काढले. गॅलरीतून खुणा करण्यास मनाई आहे, रक्षकाचे काही चुकले नाही. यापुढे मी खूण करणार नाही, रडणार नाही, जागेवरून उठणार नाही. त्यांचा हात वर गेला तरी काही बोलणार नाही. त्यांनी वर पाहिले तर मी तिथे असावे, एवढेच.

आपल्या उत्तराची वाट मी फाटकासमोरच पाहत आहे.

आपली नम्र,
(सही)
आसन क्रमांक २१४ ची पत्नी
दिनांक : अधिवेशनाचा तिसरा सोमवार

सोबत :
१) दहा खासदारांच्या पत्राची प्रत
२) सुनावणीच्या टिपणाची प्रत, "होकार" या शब्दाखाली रेघ माझी
३) राजीनामा जोडलेला नाही
४) माझी दोन छायाचित्रे, पाससाठी