ट्यूबखाली केलेला रफू

३ जानेवारी

चि. धाकट्यास,
अ. आ. वि. वि.

आपण हरलो. म्हणजे दावा उभा आहे, पण तो निकाली निघेपर्यंत माझ्या खिडकीवर चढणारी शेजाऱ्याची भिंत थांबवा, ही विनंती न्यायमूर्तींनी फेटाळली. जागा मोक्याची, किंमत मोठी, म्हणून दावा थेट हायकोर्टात लागला, तेव्हा तूच म्हणाला होतास की एका फटक्यात काम होईल. झालं.

न्यायमूर्तींनी माझ्या रफूचा नमुना मागितला. मी ठेवणीतला नेला, राखाडी सुटाचा. न्यायमूर्तींनी चष्मा वरखाली केला, पण फाटलेली जागा सापडेना. मला असा काही आनंद झाला की विचारू नकोस. मग शेजाऱ्यांचे वकील उठले आणि म्हणाले, बाईंचा हात असा आहे तर खिडकी कशाला हवी, ट्यूब पुरे. न्यायमूर्तींनाही ते पटलं. वर पुढची तारीखही लांबची दिली.

शेजाऱ्यांनी परांचीवर ताडपत्री टाकल्यापासून माझ्याकडे भरदिवसा संध्याकाळ असते. धागा कापडाशी जुळला की नाही, ते दिवसाच्या उजेडातच कळतं. भिंत खिडकीवर चढली की माझं दुकान बसलंच समज. मी गप्प राहणार नाही. तू कोर्टात कारकून आहेस, दाद कुठे मागायची ते कळव.

तुझ्यावर रागावलेली, तरी तुझीच,
ताई

९ जानेवारी

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्र वाचलं आणि घास गोड लागला नाही. पण आमच्या छोट्या कोर्टात हरलेले लोक हायकोर्टात जातात. तिथेच हरल्यावर आपण कुठे जाणार? त्याहून वरचं कोर्ट आपल्याला झेपायचं नाही. आणि त्याच इमारतीत परत गेलीस तर सहकाऱ्याचा शब्द कोण खोडेल? पुढच्या खोलीत टेबल हलव, हट्ट सोड.

तू मागच्या महिन्यात रफू करून पाठवलेला निळा कोट रोज घालतो. थंडी मरणाची आहे.

रागासकट तुझी माया हवी असलेला,
धाकटा

१४ जानेवारी

चि. धाकट्यास,
अ. आ. वि. वि.

इतकी वर्षं कोर्टात बसून तू काय केलंस? वकीलबाई म्हणाल्या, त्याच हायकोर्टात एका न्यायमूर्तींच्या हुकमावर दोन न्यायमूर्तींपुढे अपील होतं. मात्र हरेक हुकमावर नाही, ज्यानं माणसाच्या हक्काला धक्का लागतो त्यावरच. मी म्हटलं, मग त्या लांबच्या तारखेवरही टाका, मला तीच जास्त झोंबलीय. त्या हसल्या. तारखेवर अपील होत नाही म्हणे. भिंत थांबवायला नकार दिला, त्यावर होतं, कारण एकदा भिंत पुरी झाली की दावा जिंकून मी काय भिंतीकडे बघत बसू?

मुदत थोडी आहे, मी सही करून आले. एकच जिना चढायचा आहे आणि माझे गुडघे शाबूत आहेत. नमुना कुठला न्यावा तेवढं सुचत नाही. चांगला नेला तर पुन्हा हरू.

‘हट्ट सोड’ न म्हणता सल्ला देशील या आशेवर,
ताई

१९ जानेवारी

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तुझंच बरोबर, मी सपशेल चुकलो. आमच्या कोर्टातल्या साहेबांनीही तसंच सांगितलं, वर माझी थट्टा केली.

आता एक बोलतो, रागावू नकोस. निळा कोट दिव्याखाली झकास दिसतो. उन्हात गेलं की कोपरावर हिरवट पट्टा उठतो. लोक विचारतात, कुठे टेकला होतास. तुझ्या कामाला आजवर कुणी नाव ठेवलेलं नाही, म्हणून जीभ रेटली नाही. तो पार्सलनं पाठवतोय. तुला लाज वाटेल, पण हाच ने.

कुडकुडणारा,
धाकटा

११ फेब्रुवारी

चि. धाकट्यास,
अ. आ. वि. वि.

कोट दारात नेऊन पाहिला आणि पायरीवर बसूनच घेतलं. ताडपत्री आल्यावर ट्यूबखाली केलेलं हे काम माझ्या हातचं आहे यावर विश्वास बसेना. दिवसभर तुझा राग राग केला, मग तो वकीलबाईंकडे नेऊन दिला.

त्यांनी नवा पुरावा दाखवायची परवानगी मिळवली. दिव्याखाली दोन्ही न्यायमूर्तींना काही दिसेना. शेजाऱ्यांचे वकील खुशीत उठलेच होते, तेवढ्यात वकीलबाईंनी विनंती केली की कोट खिडकीशी धरून बघावा. थोरले न्यायमूर्ती स्वतः उठले. बाही उजेडात फिरवली आणि दुसऱ्यांनाही जवळ बोलावलं. भरल्या कोर्टात माझं वाईट काम दोघं निरखत होते. मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं, पण मी मान खाली घातली नाही.

अपील मंजूर झालं. दाव्याचा निकाल लागेपर्यंत भिंत खिडकीच्या खालीच राहायची, ताडपत्री उतरवायची. दावा अजून लढायचा आहे आणि मी लढणार आहे. आज टेबल पुन्हा खिडकीशी ओढलं.

तुझा कोट मात्र कोर्टानं पुरावा म्हणून ठेवून घेतला. सुटून आला की सगळ्यांत आधी तोच उसवीन, याच खिडकीत. तोवर स्वेटरवर भागव.

तुझ्या हिरव्या कोपराची ऋणी,
ताई