ओपलताईंचं पिवळं भांडं

आदरणीय ओपलताई,

तुमच्या धाकट्या बहिणीच्या नवऱ्याचा, म्हणजे हॉलिसचा, नमस्कार. वाकूनच करणार होतो, पण गुडघा एकदा वाकला की सरळ करायला घरात दुसरं कोणी नाही. तुमची कंबर कशी आहे? जावई अजून तसाच आहे का? (त्याच्यासाठी प्रार्थना करतो, पण देवालाही काही मर्यादा असतील.) इकडे अलाबामात भेंडी अमाप आली आहे आणि खाणारा मी एकटा. वर्लीन गेल्यापासून घर इतकं गप्प आहे की फ्रिज घरघरला तरी बरं वाटतं.

तुमची चिठ्ठी मिळाली. ‘हॉलिस, माझं पिवळं भांडं परत पाठव’, एवढीच. वर्लीनच्या मातीला तुम्ही त्यातून मॅकरोनी आणली होती, हे मी विसरलेलो नाही. बुडाच्या चिकटपट्टीवरचं तुमचं नावही शाबूत आहे. पण आपल्यात कुणाचं भांडं रिकामं परत करत नाहीत, हे मी तुम्हाला सांगणं म्हणजे पाद्रीबाबांना बायबल शिकवणं. (मातीला जेवण घेऊन आलेल्या बाकीच्यांची भांडी मी दुकानचे केक भरून परत केली. तुमच्या भांड्यात दुकानचं काही घातलं असतं, तर तुम्ही ते माझ्याच डोक्यात घातलं असतं.) म्हणून ठरवलं, वर्लीन करायची तसा बीफचा स्ट्यू करायचा.

तिचा एप्रन बांधला आणि तिचं बिडाचं पातेलं काढलं. ते काळं, तेलकट दिसलं, म्हणून आधी साबण आणि तारेच्या घासणीनं लख्ख घासलं. हो, साबणानं. तुम्ही आता खुर्चीत बसला असाल, पाणी प्या. मग पिठात घोळवलेलं मांस चरबीत परतायला टाकलं, ते बुडाला असं चिकटलं की जणू घर विकत घेऊन राहायला आलंय. जळका वास तिकडे पोचल्यावर शेजारची लूव्हेनिया मागच्या दारानं धावत आली. (तिचं भांडं मी जूनमध्ये परत केलं, त्यानंतर ती पहिल्यांदाच आली.) पातेलं बघून तिनं कपाळावर हात मारला. ‘साबणानं? अरे मेल्या, बायको गेली ती गेली, तिचं पातेलंही मारलंस की रे!’

खरं होतं ते. तो काळा थर म्हणजे वर्लीनच्या सगळ्या संसाराचा स्वयंपाक होता आणि मी तो एका सकाळी मोरीत सोडून दिला. मी सिंकपाशी उभा राहून रडलो, ताई. लूव्हेनियाला सांगितलं, कांदा झोंबतोय. (कांदा अजून पिशवीतच होता.) तिनं पातेलं माझ्या हातातून घेतलं. चरबी चोळून ते ओव्हनमध्ये कसं तापवायचं, पुन्हा पुन्हा, ते दाखवून गेली.

मग मी पुन्हा मांस आणायला गेलो. खाटकानं न विचारता वर्लीनचं नेहमीचं माप बांधलं, रविवारी चर्च सुटल्यावर जेवायला येणाऱ्या सगळ्यांचं. माझ्यानं नको म्हणवलं नाही. बटाटे, गाजरं, थोडी ओव्याच्या चवीची ती तिची पानं, सगळं घातलं. लूव्हेनियानं बजावलं होतं, ‘उकळू देऊ नकोस, नुसतं पुटपुटू दे.’ मी खुर्ची ओढून शेजारी बसलो. दिवसभर घरात कोणीतरी पुटपुटत होतं. खूप बरं वाटलं.

पण शेवटी सगळं बुडाला लागलं. त्यामुळे भांडं इतक्यात पाठवता येत नाही, क्षमा असावी.

तुमचा,
हॉलिस

ता. क. बुडाला लागलं नाही. मी खोटं लिहिलं. स्ट्यू इतका छान झाला की मी पातेल्यातूनच उभ्यानं खाल्ला आणि मग वर्लीनला सांगायला वळलो.

दुसरा ता. क. घरात भांडी होती तोवर माणसं येत होती, ‘झालं का रे रिकामं?’ विचारत. एकेक भांडं गेलं, तसं एकेक माणूस यायचं थांबलं. आता तुमचं तेवढं उरलंय आणि ते मी पाठवणार नाही. रविवारी पुन्हा तेवढाच स्ट्यू करतोय. स्वतः या आणि भरून घेऊन जा.

तिसरा ता. क. येताना रिकाम्या हातानं येऊ नका. दुसऱ्या एखाद्या भांड्यातून काहीतरी आणा.