धाकट्याच्या नावे बेचाळीस फ्लॉपी

सूनबाई, कंबर कशी आहे? मुला, दाढ थांबली का ठणकायची? नातीचा खोकला गेला असेलच. आणि धाकट्या भावा, तुझ्या गुडघ्याचं मला कोणी सांगत नाही, म्हणून तुलाच विचारतो. मी ठणठणीत आहे, डोकं ठिकाणावर आहे, आणि पुढचं सगळं कोणाच्या भरीस न पडता, चहा पिऊन, राजीखुशीने स्वहस्ते लिहितो आहे. आधीचं मृत्युपत्र रद्द समजावं. ते सूनबाईशी भांडलो त्या दिवशीचं होतं.

१. राहतं घर मुलाला आणि सूनबाईला, निम्मं निम्मं.

२. रेडिओदुरुस्तीची हत्यारं, मल्टिमीटरसकट, नातीला. सोल्डरिंगचं टोक तापलेलं असताना धरू नये, हे ती दोनदा शिकली आहे.

३. माझ्यासारख्या आठवी नापास रेडिओवाल्याने अणू, संगणक आणि माहितीयुग यांवर दोनशे अकरा लेख लिहिले. ‘कागदाला वाळवी लागते, फ्लॉपीला नाही’ या शहाणपणापायी सगळे लेख फ्लॉपींवर उतरवून हस्तलिखितं रद्दीत घातली. फ्लॉपी शाबूत आहेत, पण त्या वाचणारं यंत्र कुठे मिळत नाही. माझ्या माहितीत एकच चालू आहे, धाकट्याकडे. मीच जुळवून दिलेलं. आणि आमचा अकरा वर्षं अबोला.

४. त्याचं कारण लेखी असावं. वाचनालयात मी लेख वाचत होतो: संगणकातली माहिती पुसायला काहीच ऊर्जा लागत नाही. धाकटा उठला. “दादा, पुसलं की थोडी का होईना, उष्णता बाहेर पडतेच.”

“मास्तर झालास म्हणून मला शिकवतोस?”

“मग कोणाला शिकवू? बाकीचे झोपलेत.”

जे जागे होते ते हसले. घरी येऊन ताळा केला, तर त्याचंच बरोबर. कबूल करायला जीभ रेटली नाही. आज करतो: चूक माझी होती.

५. सबब सर्व फ्लॉपी व लेखांचे सर्व हक्क धाकट्या भावाला. चुका खुशाल सुधाराव्यात. विनोद कापू नयेत.

साक्षीदार: शेजारचे दंतवैद्य (सही), वाचनालयाच्या ग्रंथपाल बाई (सही)
लिहून देणार: तुम्हा सर्वांचा म्हातारा (सही)
ठिकाण: खिडकीजवळचं टेबल
दिनांक: ९ सप्टेंबर

ता. क. धाकट्या, मी मरायची वाट पाहू नकोस. फ्लॉपीही म्हाताऱ्या होतात. डबा या प्रतीसोबतच पाठवतो आहे. एक लावून बघ. उघडली तरी कळव, नाही उघडली तरी कळव. पण लवकर लिही.